हिंदोळगडचा उरलेला दिवस

१

शरच्चंद्र गुप्ते यांचा जन्म दुसऱ्यांच्या चुका काढण्यासाठी झाला होता, आणि सुदैवानं नोकरीही तशीच मिळाली होती. फोर्टातल्या एका सरकारी कचेरीत ते हेडक्लार्क होते. हाताखालच्या सहा कारकुनांचे मसुदे तपासायचे, लाल शाईनं वेलांट्या-उकार जागच्या जागी बसवायचे आणि संध्याकाळी समाधानानं मुलुंडला घरी यायचं. कोपऱ्यावरच्या वाण्याच्या पाटीवर 'शुध तुप' असं लिहिलं होतं. ते गुप्त्यांनी एकदा स्वतः खडू घेऊन दुरुस्त केलं. वाणी म्हणाला, "साहेब, पाटी शुद्ध झाली. आता तुपाचं मी बघतो."

विमल निवासच्या वरच्या मजल्यावर, बाहेरची खोली आणि स्वयंपाकघर एवढ्या जागेत ते आणि त्यांची बायको कुंदा अशी दोघंच राहत. लग्नाला अठरा वर्षं झाली होती. मूलबाळ नव्हतं. त्याविषयी दोघं एकमेकांशी बोलत नसत. गुप्ते मात्र दुसऱ्यांच्या मुलांसाठी एका बालमासिकात 'शरदमामा' या नावानं दर महिन्याला 'हिंदोळगडच्या गोष्टी' लिहीत. हिंदोळगड हे त्यांच्या डोक्यातलं राज्य. तिथं ढगांना दावं बांधून ठेवत, तिथला राजा झोपाळ्यावर बसून न्याय करी. रविवारी सकाळी चहा झाला की गुप्ते खिडकीतल्या हाताच्या खुर्चीत बसत, मांडीवर पाट घेत आणि बारा वाजेपर्यंत एक गोष्ट संपवत. कुंदा स्वयंपाकघराच्या दारात वाल सोलत बसे. नऊ वर्षं हे असं सुरळीत चाललं होतं.

छप्पन्न सालच्या डिसेंबरात एक पोस्टकार्ड आलं.

'आदरणीय शरदमामा, हिंदोळगडच्या राजाचा वाढदिवस एका गोष्टीत कडाक्याच्या थंडीत येतो आणि दुसऱ्या गोष्टीत आंब्याच्या दिवसांत येतो. असं कसं? आपली, क्षमा वर्तक, इयत्ता पाचवी अ, बोरिवली.'

गुप्त्यांनी ते कार्ड तीनदा वाचलं. त्यात शुद्धलेखनाची एकही चूक नव्हती. त्यामुळे त्यांना जास्तच लागलं.

"कुंदा," ते म्हणाले, "हिंदोळगडाला कॅलेंडर पाहिजे."

"पाहिजे तर करा की," कुंदा म्हणाली. "तुम्हाला कोण नको म्हणतंय?"

२

ते दिवसच बदलाचे होते. मुलुंड आता मुंबईत जाणार होतं. आणे जाऊन नवे पैसे येणार होते. आणि सरकार बावीस मार्चपासून नवीन राष्ट्रीय कॅलेंडर सुरू करणार, असं पेपरात रोज येत होतं. सरकारला जमतं तर हेडक्लार्कला का जमू नये? गुप्त्यांनी जानेवारीचे चार रविवार खर्च करून हिंदोळगडची कालगणना बसवली. अठ्ठावीस दिवसांचा एक, असे तेरा महिने. हिरवोळ, भिजोळ, खोकलोळ, आंबोळ अशी महिन्यांची नावं. वर्ष सरकारी वर्षाबरोबरच, बावीस मार्चला सुरू होणार, म्हणजे मुलांना पडताळून बघता येईल. मोठ्या जाड कागदावर सुबक चौकोन आखून त्यांनी ते स्वयंपाकघराच्या दाराशेजारी टांगलं आणि नक्कल मासिकाकडे पाठवली.

खालच्या मजल्यावरचे लवू परब दिवाबत्तीपुरतं रॉकेल मागायला आले होते. ते आधी गिरणीत होते, आता विक्रोळीच्या कारखान्यात जात. कॅलेंडरपुढे ते बराच वेळ उभे राहिले.

"गुप्तेनु, ह्या काय ओ? सरकारान तेरा म्हयने केले?"

"परब, हे सरकारचं नाही. हे हिंदोळगडचं आहे."

"हिंदोळगड खंय इलो? ठाण्याच्या पलीकडे?"

"कुठंच नाही. माझ्या डोक्यात आहे."

परबांनी मान डोलावली. सरकारी माणसं अशीच बोलतात हे त्यांना ठाऊक होतं. रॉकेल घेऊन ते खाली गेले आणि तासाभरात सगळ्या विमल निवासला कळलं की तेरा महिने होणार, गुप्त्यांना आतून बातमी आहे, आणि गणपती कुठल्या महिन्यात बसवायचा हे अजून ठरायचं आहे.

फेब्रुवारीचा अंक निघाला आणि आठवड्यात दुसरं पोस्टकार्ड आलं.

'आदरणीय शरदमामा, तेरा गुणिले अठ्ठावीस म्हणजे तीनशे चौसष्ट. वर्षाचे दिवस तीनशे पासष्ट. उरलेला एक दिवस कुठे ठेवला? आपली, क्षमा वर्तक.'

गुप्ते मटकन खुर्चीत बसले. चूक होती. सरळ, ढळढळीत, बेरजेची चूक.

त्या रविवारी त्यांनी कॅलेंडरच्या अगदी तळाशी, तेराव्या महिन्याच्या खाली, इंचभर रुंद असा एकच चौकोन आखला. त्यात आकडा घातला नाही. वारही घातला नाही. एकवीस मार्चचा गुरुवार संपल्यावर आणि बावीस मार्चचा शुक्रवार उजाडण्याआधी हा दिवस येतो, तो कुठल्याच महिन्याचा नाही आणि कुणाचाच नाही, असा खुलासा त्यांनी पुढच्या अंकासाठी लिहून पाठवला. मनावरचं ओझं उतरलं. संध्याकाळी दोघं पायी फिरून आली.

३

बुधवारी सकाळी दाढी करताना गुप्त्यांची नजर कॅलेंडरवर गेली. त्या एकट्या चौकोनात काहीतरी लिहिलेलं होतं.

त्यांनी साबण तोंडावर तसाच ठेवून चष्मा लावला. बोथट पेन्सिलीनं, मोठ्या कष्टानं काढलेलं अक्षर होतं. ओळ एकच:

'वांगं चालत नाही.'

"कुंदा!"

"काय हो?"

"हे तू लिहिलंस?"

कुंदा ओल्या हातानं आली आणि वाकून वाचलं. "मी कशाला लिहीन? मला तर वांगं आवडतं."

"मग कुणी लिहिलं?"

"ज्याला चालत नाही त्यानं," कुंदा म्हणाली आणि फोडणी करपेल म्हणून परत गेली.

गुप्त्यांना हसू आलं. हे परबांचं काम. परवा कुंदानं सोडे घालून केलेलं वांगं खाली वाटीभर दिलं होतं, त्याचीच ही थट्टा. आरोप करण्याआधी पुरावा पाहिजे, म्हणून संध्याकाळी त्यांनी परबांना वर बोलावलं आणि कागद-पेन्सिल पुढे केली.

"परब, जरा 'वांगं चालत नाही' एवढं लिहा बघू."

परबांनी जीभ बाहेर काढून लिहिलं: 'वांगा चलत नाय.'

"'वांगं' म्हणा हो, परब."

"तुमी काय व्हया ता म्हणा. आमच्याकडे वांगाच."

अक्षर जुळत नव्हतं, भाषा त्याहून नव्हती. मग त्यांनी कुंदाकडून तेच वाक्य दहा वेळा लिहून घेतलं. तिनं मुकाट्यानं दहाच्या दहा ओळी लिहिल्या, अकराव्या ओळीत 'आता पोळ्या करू का?' असं विचारलं आणि वही परत दिली.

४

पुढच्या पंधरवड्यात चौकोन भरत गेला. रोज नाही, पण दोन-तीन दिवसांआड एखादी ओळ येई. कधी आली ते कळत नसे. गुप्ते समोर बसले असले तरी ते शिंकेपर्यंत, चहाचा कप तोंडाला लावेपर्यंत ती आलेली असे.

'भात मऊ. तूप घालून.'

'खिडकीतली खुर्ची मला.'

'आरसा भिंतीकडे तोंड करून.'

गुप्त्यांना शुद्धलेखनाची खोड काढायला जागा मिळाली नाही, हे त्यांना फार खटकलं. पण त्याहून एक गोष्ट त्यांना खटकायला हवी होती. ती त्यांच्या ध्यानात आली एका शनिवारी. त्यांनी सहज पट्टी लावून चौकोन मोजला. इंच बाय इंच. अक्षरं वाटाण्याएवढी होती. ओळी सात झाल्या होत्या. आणि चौकोनाचा अर्ध्याहून जास्त भाग अजून कोरा होता.

त्यांनी पुन्हा मोजलं. मग पट्टीच मोजून बघितली.

"कागद ताणला असेल," ते मोठ्यानं म्हणाले. "हवेत दमटपणा आहे."

"असेल," कुंदा म्हणाली. ती तांदूळ निवडत होती. जुना, मऊ होणारा तांदूळ तिनं त्या आठवड्यात मुद्दाम आणवला होता.

५

गुप्त्यांच्या विचारी मेंदूनं एक प्रयोग ठरवला. लिहिणारा घरात येत असेल तर कॅलेंडर घराबाहेर न्यायचं. सोमवारी त्यांनी गुंडाळी करून ती बगलेत मारली, सात चाळीसच्या गाडीनं फोर्टात नेली आणि टेबलाच्या खणात ठेवून कुलूप लावलं. किल्ली जानव्याला बांधली. जेवणाच्या सुट्टीत खण उघडला नाही. चार वाजेपर्यंत त्यांनी तीन मसुदे तपासले आणि तिन्हींत 'आणि'चा 'णि' दीर्घ करून ठेवला. हे त्यांच्या उभ्या नोकरीत प्रथमच घडत होतं.

सव्वाचारला त्यांनी खण उघडला, गुंडाळी सोडली.

'इथे गारवा आहे,' असं लिहिलेलं होतं. आणि त्याखाली: 'पण अंधार.'

गुप्त्यांनी हातरुमालानं कपाळ पुसलं, आणि कुणाच्या लक्षात येणार नाही असा खण दोन बोटं उघडा ठेवला. आपण असं का केलं, हे त्यांना गाडीत बसल्यावर सुचलं. त्याला अंधार वाटू नये म्हणून! आणि कॅलेंडर तर आपल्या बगलेत आहे! ते इतके ओशाळले की शेजारच्या माणसानं "तब्येत बरी आहे ना?" म्हणून विचारलं.

घरी आल्यावर त्यांनी कॅलेंडर पुन्हा खिळ्याला अडकवलं. कुंदा म्हणाली, "बरं केलंत. उगीच इकडेतिकडे नेऊ नका. येणाऱ्याला पत्ता सापडायला हवा."

"येणारा कोण, कुंदा?"

"मला काय माहीत? तुमचं कॅलेंडर."

६

दिवस रद्द करावा, असं त्यांनी ठरवलं. हिंदोळगड त्यांचं, चौकोन त्यांचा, अधिकार त्यांचा. त्यांनी क्षमाला सविस्तर पत्र लिहिलं. उरलेला दिवस खंदकाच्या काठानं चालला असताना त्याला मगरीनं गिळलं, तेव्हा आता तो नाही, आणि तेरावा महिना एकोणतीस दिवसांचा समजावा. ब्लेडनं त्यांनी चौकोनाच्या चारही रेघा खरवडून काढल्या. रेघा गेल्या. आतल्या ओळी राहिल्या, आणि आता त्यांना हद्द उरली नाही म्हणून की काय, त्या जराशा मोठ्या दिसू लागल्या. गुप्त्यांनी घाईघाईनं रेघा पुन्हा आखल्या.

उलट टपाली उत्तर आलं.

'आदरणीय शरदमामा, ही फसवाफसवी झाली. मगरीनं गिळला तरी तो मगरीच्या पोटात आहेच. आणि मगर हिंदोळगडातच आहे. आपली, क्षमा वर्तक.'

"ही मुलगी वकील होणार," गुप्ते पडक्या आवाजात म्हणाले.

एकवीस मार्चला गुरुवारी संध्याकाळी चौकोनात शेवटची ओळ आली. ती सुबक होती, नेमकी मधोमध होती.

'मालकांनी बोलू नये.'

कुंदानं ती वाचली. भिंतीवरचा आरसा उलटा केला. खुर्ची पुसली. वाल सकाळीच सोलून ठेवले होते. मग नवऱ्याकडे वळून म्हणाली, "ऐकाल का एवढं? तुमच्यानं होणार नाही, मला ठाऊक आहे. पण उद्या प्रयत्न करा."

"उद्या शुक्रवार आहे. मी ऑफिसात असेन."

"बरं," कुंदा म्हणाली.

७

सकाळी उठल्यावर गुप्त्यांना पहिली चूक सापडली ती घड्याळात. घड्याळ चालू होतं, टिकटिक ऐकू येत होती. काटे नऊ वाजून दहा मिनिटांवर होते. त्यांनी तोंड धुतलं, धोतर नेसलं, आणि तरी नऊ वाजून दहाच मिनिटं झाली होती. खिडकीच्या गजांची सावली फरशीच्या ज्या रेघेवर होती तिथंच होती.

पेपर आला नव्हता. दूध आलं नव्हतं. कावळा ओरडत नव्हता. विमल निवासमध्ये सकाळी जो काही गलका चालतो त्यातलं काहीही नव्हतं, फक्त आत कुठंतरी तूप कढल्याचा वास होता.

त्यांनी दार उघडलं. मजल्यावरची सगळी दारं सताड उघडी होती. जिन्याच्या नवव्या पायरीवर लवू परब बसले होते, एका पायात बूट, दुसरा बूट हातात, नाडी बोटाला गुंडाळलेली. ते झोपलेले होते. गुप्त्यांनी "परब!" म्हणून हाक मारली, खांदा हलवला. परबांनी झोपेतच बूट छातीशी धरला. जिन्याच्या कठड्यावरून खाली नळ दिसत होता. त्याच्या तोटीवर हात ठेवून परबांची बायको मालन उभ्या-उभ्या घोरत होती. समोरच्या तारेवर सात कावळे ओळीनं, माना पिसांत खुपसून.

आपल्याला ताप आहे, असं गुप्त्यांनी ठरवलं. स्वतःच्या कपाळाला हात लावला. कपाळ गार होतं.

"आत या बघू," कुंदा मागून म्हणाली. ती न्हालेली होती. तिनं तिचं ठेवणीतलं हिरवं लुगडं नेसलं होतं, जे ती गेल्या तीन लग्नांतसुद्धा नेसली नव्हती. "इथं पाटावर बसा, चुलीपाशी. पडद्याच्या अलीकडे. आणि तोंड मिटून."

"कुंदा, हे सगळे..."

"तोंड मिटून म्हटलं ना?"

गुप्ते पाटावर बसले. स्वयंपाकघर आणि बाहेरची खोली यांच्या मध्ये पडदा होता, जमिनीपासून वीतभर वर संपणारा. त्या फटीतून फरशीवरचं न हलणारं ऊन दिसत होतं.

मग जिन्यावर पाऊल वाजलं.

विमल निवासचा जिना अठरा पायऱ्यांचा होता. गुप्ते रोज मोजत. पाऊल चपलेचं नव्हतं, बुटाचंही नव्हतं. मळलेल्या कणकेच्या गोळ्यावर थाप मारावी तसा आवाज. एक. दोन. नवव्याला ते थांबलं. तिथं परब होते. श्वासभर काही नाही. मग कुणीतरी फार लांब टांग टाकून वरून ओलांडावं तसा आवाज, आणि पुन्हा थाप. अठरा झाल्या. गुप्ते दाराकडे कान देऊन बसले. एकोणीस. वीस. एकवीस. पायऱ्या संपल्यावरही कुणीतरी चढतच होतं. एकतीसला पाऊल थांबलं.

"या," कुंदा म्हणाली. "पाय पुसून या."

८

खुर्ची करकरली. ती गुप्त्यांच्या वजनाला कधी अशी करकरली नव्हती.

कुंदा पडदा सारून ये-जा करत होती. ती भात नेई, वालाचं बिरडं नेई, तुपाची वाटी नेई. प्रत्येक वेळी ती पडदा अंगाशी धरून इतक्या चपळाईनं जाई की गुप्त्यांना पलीकडचं काही दिसत नसे. भाताची तपेली तिनं तीनदा भरून नेली. पलीकडून खाण्याचा आवाज येत होता. तो चांगला आवाज नव्हता, पण त्यात समाधान होतं.

मग आवाज आला. रांजणात तोंड घालून कुणी बोलावं तसा घुमणारा आणि सावकाश. एकेक शब्द आधी तोंडात घोळवून बघितल्यासारखा.

"मला भात आवडतो."

"घ्या ना अजून," कुंदा म्हणाली.

"मला वाल आवडतात."

"मुद्दाम केलेत."

मग, खुर्चीच्या हातांवरून काहीतरी मऊ फिरल्यासारखा आवाज, आणि:

"मला ही खुर्ची आवडतो."

गुप्त्यांनी दोन्ही हातांनी पाट घट्ट धरला. दात आवळले. पायाची बोटं आवळली. पण जगातलं कुठलंही भय आता त्यांना उपयोगी पडणार नव्हतं, कारण तेवीस वर्षांची नोकरी त्या भयापेक्षा मोठी होती.

"आवडते!" ते ओरडले. "खुर्ची स्त्रीलिंगी आहे!"

पलीकडचं खाणं थांबलं.

खुर्ची करकरली. मग थाप. मग थाप. बाहेरच्या खोलीत खिडकीपासून पडद्यापर्यंत अकरा फरश्या होत्या. गुप्त्यांनी पावलं मोजली नाहीत. पडद्याखालच्या वीतभर फटीतलं ऊन झाकलं गेलं आणि तिथं दोन पावलं येऊन थांबली.

ती पावलं गुप्त्यांच्या हाताच्या दोन विती लांब होती. आणि ती गुलाबी होती. गुबगुबीत, घोट्याला वळी पडलेली, जन्मून आठ दिवसही न झालेल्या बाळाची असतात तशी. नखं कांद्याच्या पापुद्र्यासारखी. कधीच फारसं न चाललेल्या माणसाची पावलं. एक अंगठा पुढे आला, उंबरा चाचपला आणि आत वळला.

"मालक जागे आहेत," आवाज पडद्याच्या अगदी पलीकडून, पण फार वरून आला. दाराच्या चौकटीच्याही वरून.

कुंदा ताटल्या पुसत होती. तिनं हातातली ताटली खाली ठेवली आणि पडद्यापुढे जाऊन उभी राहिली. अठरा वर्षांत गुप्त्यांनी तिचा आवाज इतका शांत कधी ऐकला नव्हता.

"त्यांची सवय आहे ती. मलाही रोज ऐकून घ्यावं लागतं. तुम्ही मनावर घेऊ नका. बसा, भात निवतोय."

पावलं हलली नाहीत. पडदा श्वासानं आत आला आणि बाहेर गेला.

"आव-ड-ते," आवाज म्हणाला. घोळवून, चाखून. "मला ही खुर्ची आवडते. बरोबर?"

गुप्त्यांनी मान डोलावली. मध्ये जाड पडदा होता, पलीकडून कुणाला ती दिसण्याचं कारण नव्हतं.

"हं," आवाज खूश होऊन म्हणाला, आणि पावलं फिरली.

त्यापुढचं गुप्त्यांना आठवत नाही.

९

शुक्रवारी बावीस मार्चला दारात पेपर होता. त्यावर नेहमीच्या तारखेखाली चैत्राची एक तारीख छापली होती. दूध आलं, कावळे आले, नळावर भांडण झालं. लवू परब जिन्यात भेटले ते मान वाकडी करून.

"गुप्तेनु, मान धरली ओ. रात्री मी खंय झोपलंय काय की!"

गुप्ते ऑफिसात गेले. त्या दिवशी त्यांनी कुणाचीही चूक काढली नाही. कारकून घाबरले. संध्याकाळी घरी येऊन त्यांनी कॅलेंडर उतरवलं. तळाचा चौकोन कोरा होता, स्वच्छ, जसा आखला तसा. त्यांनी कॅलेंडरचे तुकडे केले, बंबात घातले आणि एप्रिलच्या अंकासाठी गोष्ट लिहिली. हिंदोळगडच्या राजानं शेजारच्या देशाचं कॅलेंडर स्वीकारलं. बारा महिने, तीनशे पासष्ट दिवस, बाकी शून्य.

क्षमा वर्तकचं कार्ड आलं: 'आता बरोबर आहे.'

आयुष्यात कुठल्याही शेऱ्यानं गुप्त्यांना इतकं बरं वाटलं नव्हतं. ताप होता, असं त्यांनी नक्की करून टाकलं. एप्रिल निम्मा गेला. ते पुन्हा चुका काढू लागले.

मग एका रविवारी सकाळी, गोष्टीचा तिसरा परिच्छेद चालू असताना, दारात बसलेली कुंदा सहज म्हणाली, "यंदा अंगानं सुधारला, नाही?"

"कोण?"

"तो हो. गेल्या वर्षी खुर्चीपर्यंत यायलासुद्धा दमला होता. त्याच्या आधी तर रांगतच आला होता. तेव्हाही दार पुरलं नाही, किती हाल झाले बिचाऱ्याचे."

गुप्त्यांच्या हातातला टाक कागदावर थांबला आणि शाईचा डाग पसरत गेला. "गेल्या वर्षी? कुंदा, अगं, कॅलेंडर मी यंदा जानेवारीत काढलं."

"कॅलेंडर तुम्ही काढलंत. दिवस होताच की." तिनं एक वाल सोलून वाटीत टाकला. "दर वर्षी तुम्ही झोपलेले असता. सगळी बिल्डिंगच झोपलेली असते. मला आपोआप जाग येते."

"इतकी वर्षं तू मला सांगितलं नाहीस?"

"तुम्ही चूक काढली असतीत."

"कोण आहे तो?" गुप्त्यांनी विचारलं.

"विचारलं नाही कधी. घरी जेवायला आलेल्याला का विचारतात असं?" ती हसली. तिचा चेहरा कधी नव्हे इतका निवलेला दिसत होता. "तुमची ओळख झाली ते मात्र त्याला फार आवडलं. मालक शिकवतात म्हणाला. पुढच्या खेपेला चार दिवस राहतो म्हणाला."

"चार दिवस?" गुप्त्यांचा आवाज चिरकला. "एक दिवस उरतो, कुंदा, एक! चार आणणार कुठून?"

"तेच मी म्हटलं. तर म्हणाला, मालकांचे घेईन. त्यांच्याकडे पुष्कळ आहेत."

खाली रस्त्यावरून भंगारवाला ओरडत गेला.

"आणि तू काय म्हणालीस?"

"काय म्हणणार? या म्हटलं." कुंदानं सालं पदरात गोळा केली आणि ती उठली. "एक गादी मात्र करून घ्यावी लागेल. पिंजारी आला की हाक मारा त्याला. आणि लांब सांगा हं. आपल्या मापाची नाही पुरायची."